करंगळीची गाठ

सहा वर्षं मी किनलॅथन फुटबॉल क्लबचा दुसरा गोलरक्षक होतो. पहिला रॅब मेल्ड्रम. त्याला कधी ताप आला नाही, पाय मुरगळला नाही, त्याची आजीसुद्धा सामन्याचा शनिवार टाळून गेली. माणसाने इतकं ठणठणीत असू नये.

मी राखीव संघातून खेळायचो. बघायला गवत कापणारा म्हातारा आणि त्याचं कुत्रं. कुत्रं मध्यंतराला निघून जायचं. मला एकच हवं होतं, पहिल्या संघाच्या गोलमध्ये एकदा उभं राहणं. दर एप्रिलला मी व्यवस्थापक केर्नी साहेबांपुढे जायचो.

"साहेब, मला मोकळं करा. दुसऱ्या क्लबात खेळतो."

"इबेन, तुला सोडून कसं चालेल? उद्या रॅबला काही झालं तर?" तोंडातला पाइप न काढता ते म्हणायचे. त्यांनी सोडल्याशिवाय दुसरा क्लब मला घेऊ शकत नव्हता. म्हणजे खेळवायचं नाही आणि जाऊही द्यायचं नाही.

"जर्सीला चिखल लागायच्या आधी कसर लागली बघ," टीनी म्हणाली. माझी बायको. पहिल्या संघात खेळशील तेव्हा घाल म्हणून तिनेच विणली होती.

एकतीस साली आम्ही चषकाच्या उपांत्य फेरीत पोचलो. आदल्या गुरुवारी सराव संपल्यावर रॅब म्हणाला, "चार चेंडू मार रे." मी मारले. चौथा त्याच्या करंगळीवर बसला. करंगळी वाकडीच झाली.

"इबेन, कुणाला बोलू नकोस," तो दात आवळून म्हणाला. "शनिवारी देशाचा संघ निवडणारे येतायत. मी बत्तीसचा झालो. परत कोण येणार मला बघायला?"

"आणि मला कोण बघणार?"

"तू बोललास तर सगळे काय म्हणतील? जागेसाठी मुद्दाम मोडलं म्हणतील."

ते खरं होतं. पण मी गप्प बसलो तो त्या भीतीने की मैत्रीने, हे मला अजून सांगता येत नाही. चिंधी घेतली, करंगळी शेजारच्या बोटाला घट्ट बांधली. बापाच्या हेरिंग मासळीच्या बोटीवर शिकलेली जाळ्याची गाठ मारली. ओली झाली की ती आणखी आवळते. वरून लोकरी हातमोजा चढवला की काही कळत नव्हतं.

शनिवारी बाराव्या मिनिटाला रॅबने एक जोराचा चेंडू अडवला आणि गुडघ्यावर बसला. मी प्रेक्षकांत, सूट घालून. आमच्या खेळात तेव्हा बदली खेळाडू नसे; अकरा उतरले की उतरले, कुणी जायबंदी झालं तर उरलेल्यांनीच निभवायचं. रॅबची जर्सी बचावातल्या वॅटी लम्सडेनने चढवली, त्याला ती पोटावर बसेना. रॅब हात छातीशी धरून मैदानाच्या डाव्या कडेला उभा राहिला. आणि जन्मभर गोल राखायला शिकलेला मी टोपी मुरगळत बसलो होतो.

आम्ही एका गोलने हरलो. चेंडू घरंगळत आला आणि वॅटीच्या पायांमधून गेला. तो चेंडू मी चहाचा कप हातात धरूनही अडवला असता.

कपडे बदलायच्या खोलीत केर्नी साहेबांनी रॅबचा हातमोजा ओढला. चिंधी दिसली. गाठ दिसली.

"ही कोळ्याची गाठ आहे," ते म्हणाले. संघात कोळ्याचा पोर मी एकटाच. "कधी बांधलीस?"

"गुरुवारी, साहेब."

"गुरुवारी तोंड उघडलं असतंस, तर आज गोलमध्ये तू असतास."

मी रॅबकडे पाहिलं. 'मीच गप्प राहा म्हणालो होतो,' एवढं एक वाक्य त्याने बोलायला हवं होतं. तो बुटाची नाडी सोडत राहिला.

पुढच्या शुक्रवारी दारावर संघाची यादी लागली. गोल: लम्सडेन. मी ती तीनदा वाचली. मग तडक आत गेलो.

"साहेब, तो बचावपटू आहे! त्याला चेंडू धरता येत नाही!"

"गोलरक्षकाकडे दहा जण विश्वासाने पाठ करून खेळतात, इबेन. तुझ्याकडे मी त्यांना पाठ करायला लावू?"

मोसमाचे उरलेले सहाही सामने वॅटीच उभा राहिला. एप्रिलअखेर पुढच्या मोसमाची यादी आली. रॅब मेल्ड्रम: कायम. इबेन टार्विट: मोकळा. सहा वर्षं जे मागत होतो ते असं मिळालं. मी चार क्लबांना पत्रं लिहिली. एकाचंच उत्तर आलं: पहिल्या संघाकडून किती सामने खेळलात ते कळवा.

मी बापाच्या बोटीवर परतलो. मे महिन्यात एकदा रॅब धक्क्यावर आला. टोपी काढून उभा राहिला.

"बोट जुळलं बघ. तुझी गाठ काही सुटेना, डॉक्टरला कापावी लागली." तो हसला. "मनात काही ठेवू नकोस, इबेन. मिळव हात."

मी हात मिळवला. करंगळी सापडली, ती दाबली, चांगली जोरात. तो कळवळला, डोळ्यांत पाणी आलं, पण तोंडातून शब्द काढला नाही. गप्प राहायला त्याला छान जमतं.