सल्तचे हलबी

सल्तच्या चढावर रजया शिवणाऱ्या नझीरला सगळं गाव हलबी म्हणायचं, आणि त्याला ते टोचायचं. सीरियातलं हलब सोडून तो जॉर्डनमध्ये आला होता, हे खरं. पण घराणं मोसुली. पणजोबा मोसुलहून तलम कापड घेऊन हलबला उतरले आणि तिथलेच झाले. झाले कसले! पिढ्यान् पिढ्या तिथे जन्मल्या, तिथेच पुरल्या, तरी शेजारी "ए मोसुली" म्हणूनच हाक मारायचे. लहानपणी नझीर त्यावरून मारामाऱ्या करून, सदरा फाडून घरी यायचा.

आज मुलाच्या, हुसामच्या लग्नाचा प्रश्न होता. गावातल्या हाज मिथ्कालच्या नातीला मागणी घालायची, तर सोबत भावकीतले वडीलधारे हवेत. नझीरची भावकी लढाईनं दाही दिशांना पांगलेली. तेव्हा शेजारचा खाटीक अबू फवाझ आपण होऊन पुढे झाला आणि स्वतःच्या कुळातली पांढऱ्या दाढीची बैठकभर माणसं घेऊन आला. परक्यासाठी एवढी माणसं कामधंदा सोडून उठतात, याचं नझीरला केवढं अप्रूप! सल्तकरांना मात्र त्यात काहीच विशेष वाटत नव्हतं. हाच त्यांचा मोठेपणा.

हाजच्या घरी कॉफी आली. अबू फवाझनं पेला समोर ठेवला, ओठाला लावला नाही. होकार मिळेपर्यंत प्यायची नाही, अशी रीत.

"हाज, आमच्या हलबींच्या पोरासाठी तुमची नात मागायला आलोय."

हाज मिथ्कालच्या भुवया वर गेल्या. "हलबी? पोरानं तर मोसुली सांगितलं. मुलगी द्यायची तरी कुणाच्या घरात?"

आता स्थळ हातचं जाणार. नझीर उभा राहिला.

"पोरगा खरं बोलला, हाज. आम्ही मोसुलीच. हलबनं आम्हाला कधी आपलं म्हटलं नाही. हलबी हे नाव तुमच्या गावानं चिकटवलंय."

हाज खो खो हसला. "अरे वेड्या, गावातच राहणाऱ्याला गावाचं नाव कोण देतं? मला इथे सल्ती म्हणतं का कुणी? आमचे काका दमास्कसला गेले, त्यांची नातवंडं अजून सल्ती. परका म्हणून नाही रे लावत हे नाव. माणूस कुठला ते हरवू नये म्हणून लावतात. तुम्ही मोसुल इतकी वर्षं सांभाळलंत ना? मग हलबही सांभाळाल. अबू फवाझ, घ्या कॉफी. मुलगी दिली."

आत बायकांनी जल्लोष केला.

नझीरला रडू फुटलं, आणि त्यानं ते आवरलंही नाही. हलबमधलं त्याचं घर आता दगडांचा ढीग होतं. गाव होतं तेव्हा ज्या 'हलबी' नावासाठी तो भांडला, ते त्याला गाव गेल्यावर, परक्यांच्या तोंडून मिळालं होतं.

खालच्या रस्त्यावरून कुणीतरी ओरडून विचारलं, "कुणाकडचं लग्न ठरलं हो?"

हाज उत्तर देणार, तोच नझीर डोळे पुसत खिडकीतून वाकला.

"हलबींकडचं!" तो ओरडला.