आडवी आणलेली उमेदवार

माझ्या पिकअपमधून मी हळद नेली, सोयाबीन नेलं, एकदा मंडपाच्या बांबूंवर बसवून नवरदेवही नेला. पण सख्खी भाची गादीवर आडवी टाकून नेण्याची ती पहिलीच वेळ. बरं, पोरगी ठणठणीत होती!

"मने, डोकं वर काढू नको म्हनलं न्हाई का!" मागच्या हौद्यातून तिची आई, माझी बहीण पंचफुलाअक्का ओरडली. "अश्वा, हळू घे की रे, गतिरोधक हाय!"

सगळा खेळ उंचीचा होता. लातूरला वर्दीच्या नोकरीची भरती झाली. मुलींना एकशे पंचावन्न सेंटिमीटर उंची लागते. मैदानावर पट्टी लावली आणि अर्धा सेंटिमीटर कमी म्हणून मनिषाला अपात्र केलं. आमच्या मुखेडच्या माळावर पोरांना मागं टाकणारी पोरगी! "मी कमी न्हाई, मोजायचं चुकलं," असं ती पहिल्या दिवसापासून सांगत होती. वकिलानं न्यायाधिकरणात तेच मांडलं आणि आदेश निघाला: नांदेडच्या सरकारी दवाखान्यात डॉक्टरांनी भरतीच्या अधिकाऱ्यासमोर पुन्हा मोजावं. तो आकडा शेवटचा.

शेवटचा म्हटल्यावर आमचं धाबं दणाणलं. भरतीच्या अकॅडमीत एक गोष्ट सगळ्या पोरींना पाठ असते: माणूस झोपून उठला की जरा लांबतो, उभं राहून दबतो. अक्कानं फर्मान काढलं, नांदेड येईस्तोवर पोरीनं जमिनीला पाय लावायचा नाही. मलाही पटलं. मी गादीखाली सोयाबीनचा भुसासुद्धा अंथरला.

कंधारला चहावाल्यानं मागं डोकावून विचारलं, "पेशंट सीरियस हाय का?"

"पेशंट न्हाई, उमेदवार हाय!" मी म्हणालो.

दवाखान्यात तर कहरच झाला. आम्ही तिला उचलून स्ट्रेचरवर ठेवलं, तर तिथला माणूस स्ट्रेचर घेऊन थेट अपघात विभागाकडे सुटला. मी मागं, अक्का माझ्या मागं, आणि मनिषा पडल्या पडल्या हसून राहिलेली.

शेवटी डॉक्टरबाईंनी तिला भिंतीशी उभी केली. टाचा टेकवल्या, डोक्यावर पट्टी आणली. एकशे पंचावन्न, वर मिलिमीटरच्या तीन रेघा! अक्कानं जी आरोळी ठोकली, ती दारावरच्या पहारेकऱ्यापर्यंत गेली असणार.

पण भरतीचा अधिकारी पक्का होता. स्ट्रेचर त्यानं पाहिलं होतं. "आडवं आणून वाढवलेली उंची मी धरणार नाही. हिला पळवा, मग मोजा."

माझं टाळकं सरकलं. "आदेशात पळवा म्हनून कुठं हाय?" मी बाह्या सारल्या. अक्का तर खालीच बसली. मनिषानं मात्र ओढणी कमरेला बांधली.

"मामा, सरका. पळते की मी!"

आणि पळाली! दवाखान्याच्या आवाराला फेऱ्यांवर फेऱ्या. रुग्णांचे नातेवाईक डबे सोडून बघायला आले, कुणी टाळ्या वाजवल्या. प्रत्येक पावलाला मला वाटे, गेली एक रेघ, गेली दुसरी. असा राग आला होता त्या अधिकाऱ्याचा, आणि तिचं पळणं बघून ऊर असा भरून आला होता, की काय सांगू!

घामानं भिजलेली ती पुन्हा भिंतीशी उभी राहिली. डॉक्टरबाई वाकून बघत होत्या. अधिकारीही वाकला.

एकशे पंचावन्न, वर दोन रेघा.

"पात्र आहे," अधिकारी म्हणाला आणि त्यानं सही केली. मी अक्काला उचलून गरकन फिरवलं. मनिषा मात्र आमच्याकडे टक लावून बघत होती.

"माय, म्हंजे मी तेवढी होतेच की. मग मला झोपवून कशाला आनलं?"

"आमाला वाटलं, थोडी..." अक्काची जीभ अडखळली.

"कमी हाय, असं वाटलं ना?" तिचे डोळे भरून आले. "सायबाचं म्हननं तर आता खोडलं गेलं. तुमचं कोन खोडनार?"

  मग मी सरळ आवाराच्या मधोमध जाऊन उभा राहिलो आणि बेंबीच्या देठापासून ओरडलो, "ऐका हो! आमची मनिषा पयल्यापासून एकशे पंचावन्न हाय! आमीच येडे व्हतो!"

पहारेकरी काठी आपटत धावला. "मामा, चूप, लोक बघून राहिले!" म्हणत मनिषा माझा हात ओढायला लागली.

मी अजून एकदा ओरडलो.