पाठीचं माप

अठ्ठावीस वर्षं लोकांचे कोट शिवतोय मी. आणि येत्या रविवारी पोटच्या पोरीचं लग्न, तर माझ्याच अंगावर असा कोट, की मान खाली घातली तर अगदी बेतशीर, आणि वर केली की मानेमागे हा एवढा झोळ!

चूक लगेच कळली. स्वतःचं माप स्वतःच घेतलं होतं. आकडा वाचायला वाकलो, वाकल्यावर पाठ लांबली, आणि मी दीडशहाणा त्या लांबलेल्या पाठीचा कोट कापून बसलो. पूर्वी माझं माप बायको घ्यायची. तिला जाऊन चार वर्षं झाली.

उसवून दुरुस्त होईल, पण खरं माप तर हवं! मुलीला फोनवर मोठ्या तोऱ्यात सांगून बसलोय, "तुझ्याकडे कशाला राहायला येऊ? माझं कुणावाचून अडत नाही." हा कोट बघितला तर ती लग्नातूनच माझी बॅग भरायला माणूस पाठवेल. आणि पोरीच्या लग्नात बापानं मान खाली घालून उभं राहायचं की काय?

शेवटी झक मारत टेप आणि मापांची वही घेऊन वरच्या मजल्यावर गेलो. तिथे टायपिंग शिकवणाऱ्या बाई राहतात, आता निवृत्त, एकट्याच. त्यांच्या कुंड्यांचं पाणी माझ्या वाळत घातलेल्या कपड्यांवर पडतं, एवढाच आमचा परिचय.

"पाण्यावरून भांडायला आलात?"

"नाही. माझ्या पाठीचं माप घ्यायचंय."

बाईंनी मला नखशिखांत न्याहाळलं. मग आतून एक बरणी आणून माझ्या हातात दिली. "आधी हे झाकण उघडा. मंगळवारपासून ठोकतेय मेलीला."

उघडून दिलं. बाईंनी टेप घेतली आणि वर्गच सुरू केला. "सरळ उभे राहा! मान वर! कुबड नको!"

मी वहीकडे हात नेला.

"तुम्ही नका लिहू, परत वाकाल. मी लिहिते."

पाठ झाली, खांदा झाला, छाती झाली. खांद्यावर कुणाचा हात पडून किती दिवस झाले होते, देव जाणे.

"झालं. निघा आता."

"छाती पुन्हा एकदा घ्या," मी म्हणालो. "मघाशी मी श्वास रोखून धरला होता."

"काही रोखला नव्हता," बाई म्हणाल्या, आणि त्यांनी टेप पुन्हा उचलली.