काचेवरची वर्तुळे

चैत्रातल्या माळावर ऊन उभे होते. श्वेत, निश्चल, निर्दय ऊन. करडे गवत, करडे दगड, करडे आकाश. आणि त्या करड्या विस्तारात पत्र्याचे एकच छप्पर, छपरावर सोलरची एकच निळी प्लेट.

घर अंजिराकाकूचे. प्लेट तिच्या लेकीची, वैजूची.

विजेचे खांब या माळावर कधी चढलेच नाहीत. तालुक्याला वायरमनचे शिक्षण घेऊन आलेल्या वैजूने स्वतःच्या हातांनी ती प्लेट बसवली, आणि त्या संध्याकाळी घरात चंद्रधवल उजेड सांडला. पुढच्या वर्षी काविळीने वैजू गेली. मागे राहिला तो उजेड.

आईने तो लेकरासारखा जपला. रोज सकाळी ती शिडी चढे. चुलीतली राख, नारळाची शेंडी, घागरभर पाणी. न्हाऊ घालताना वैजूची पाठ चोळावी तशी ती काच घाशी. मायेने, गोल गोल. काच ओली होई, निळी होई, क्षणभर आभाळाहून निळी होई.

पण उजेड क्षीण होत गेला. आधी तो पहाटेपर्यंत जागे. मग निजानीजेपर्यंत. मग भाकरी थापून व्हायच्या आतच मिटू लागला. काकू आणखी जोराने घासू लागली.

एका संध्याकाळी दिवा लागलाच नाही.

मुमताज मुलाणी आली. वैजूच्या बाकावर बसून शिकलेली, आता वाडीवस्तीवर सोलर दुरुस्त करत फिरणारी. तिने बॅटरी पाहिली. ती धडधाकट होती. मग वर चढून तिने प्लेट उतरवली, अंगणात भिंतीला टेकवली, आणि बराच वेळ तिच्यापुढे उकिडवी बसून राहिली.

मग तिने सावकाश सांगितले. उन्हाने आतला पापुद्रा पिवळा पडला होता. गारांनी कोपऱ्यात केसाएवढी चीर पाडली होती, चिरेतून ओल शिरली होती, आतल्या तारा गंजल्या होत्या. ही प्लेट आता चालायची नव्हती; उद्या ती नवी आणून बसवणार होती.

काकूने सगळे ऐकून घेतले. मग काचेवर बोट ठेवले. "आन् ह्या गोल गोल रेघा कसल्या गं?"

मुमताजने त्या रेघांवरून बोट फिरवले. खोटे बोलणे सोपे होते. पण उद्या नवी प्लेट बसायची होती, आणि तीही याच हातांखाली येणार होती.

"राखेच्या हायेत, काकू. राखेनं काच खरवडती. मग ऊन आत जात न्हाई."

"म्हंजी माझ्याच हातानं."

"समदं न्हाई. ऊन हुतं, गारा हुत्या." मुमताजने मान खाली घातली. "पर थोडं, व्हय."

काकू रडली नाही. नवी प्लेट कशाने पुसायची, एवढेच तिने विचारले. नुसत्या पाण्याने, मऊ फडक्याने, मुमताज म्हणाली. काकू आत गेली, पेटीतली वैजूची अबोली ओढणी घेऊन बाहेर आली, आणि उंबऱ्यात उभी राहून तिने ती मधोमध फाडली.

मुमताज गेली. मावळतीचे ऊन तिरपे झाले आणि जुन्या काचेवरच्या त्या सहस्र वर्तुळांत उतरले. एकेक ओरखडा पेटला. केशरी, तांबूस, जांभळा. एका आईच्या हातांचे सारे फिरणे काचभर झळाळले.

मग ऊन सरले. वर्तुळे विझली. आणि काळोखत्या घरात काकू त्या फडक्याची घडी घालत राहिली, मोडत राहिली, घालत राहिली.