ती हसली, अकरा वेळा

थांबा, मला टोक करायला घेऊ नका! माझ्यात आता शिसं उरलेलं नाही. मी एक लाल पेन्सिल बोलतेय. बोटाच्या पेराएवढी उरलेय, तेव्हा माझं सांगणंही फार लांबायचं नाही.

डब्यात आम्ही बारा जणी होतो. अकरा जणी साध्यासरळ, आणि मी ही अशी. कारखान्यात माझ्यातच काय शिरलं, देव जाणे. कुणी आपली खरी हकिकत लिहिलेली असावी आणि त्यातलं काही माझ्यानं खोडलं जावं, की ते नुसतं कागदावरूनच जायचं नाही. मुळात घडलेलंच नसायचं. खोडलेल्याखाली ठिपके दिले, की परत यायचं. छापखान्यात ठिपक्यांचा अर्थच तो: चुकून खोडलंय, राहू द्या.

पुस्तकं छापण्याआधी तपासणाऱ्या एका बाईंच्या टेबलावर मी आले. मला अंबाड्यात खोचायच्या आणि मग टेबलभर शोधत बसायच्या. काखेत कळसा अन् गावाला वळसा!

एकदा ऑफिसच्या अंकासाठी दरवानानं आपल्याबद्दल अर्धं पान लिहून दिलं. जागा पुरेना म्हणून बाईंनी 'तेव्हापासून उजवा पाय अधू झाला' हे वाक्य उडवलं. दोन मिनिटांत दरवान दोन-दोन पायऱ्या चढत वर आला. "बाई, झालं का माझं तपासून?"

बाईंच्या हातून मी खाली पडले. माझं शिसं तीन ठिकाणी मोडलं, पण तक्रार कुणाकडे करणार? दरवान लंगडत होता हे आम्हा दोघींनाच आठवत होतं.

मग काय, बाईंना चाळाच लागला. शेजारणीनं पत्रात लिहिलेली पाठदुखी गेली. चुलतभावाचं घोरणं गेलं (त्यानंच ते लिहून कबूल केलं होतं, हे विशेष). मी झिजत चालले. एक दिवस बाईंनी मला उजेडात धरून पाहिलं आणि घाईघाईनं डबीत ठेवलं. "बास. आता आईसाठी."

त्यांची आई सात वर्षांपूर्वी गेली होती. पण ते कुणी लिहिलेलंच नव्हतं, तर खोडणार काय? म्हणून त्या वडिलांच्या मागे लागल्या. "अण्णा, तुमच्या आठवणी लिहा ना."

"माझ्या? अगं, कुलपं दुरुस्त केली जन्मभर. त्यात काय लिहायचं?"

पण लिहिलं त्यांनी. पुरती दोन वर्षं. वही पूर्ण झाली आणि सुट्टीच्या सकाळी बाईंनी मला डबीतून काढलं. शेवटच्या पानावर ती ओळ होती: 'त्या वर्षी तिला ताप आला आणि ती गेली.'

आता सरळ ते पान उघडावं की नाही? पण जित्याची खोड! बावीस वर्षं पहिल्या पानापासून तपासायची सवय. बाईंनी पहिलं पान उघडलं.

प्रत्येक प्रकरणात एक कुलूप. बँकेची तिजोरी, दवाखान्यात आतून अडकलेले डॉक्टर, असं काहीबाही. आणि प्रत्येक प्रकरणाच्या शेवटी तेच: 'घरी आलो. तिला सगळं सांगितलं. ती हसली.'

पहिल्यांदा बाईंनी वाचलं आणि पुढे गेल्या. दुसऱ्यांदा पुटपुटल्या, "परत तेच." आणि हात चालला. तिसऱ्यांदा, चौथ्यांदा... पहिलं 'ती हसली' ठेवून पुढची दहाही खोडली. वाक्यच तर काढतेय, त्यात काय एवढं, असं वाटलं असेल त्यांना. मी आतल्या आत ओरडत होते, पण पेन्सिलीचं कोण ऐकतं?

अण्णा चहा घेऊन आले. खुर्चीत टेकले. चेहरा कसनुसा.

"तुझ्या आईबद्दल आणखी लिहायला हवं होतं गं. पण काय लिहू? आयुष्यात एकदाच हसली ती माझ्यापुढे. बँकेच्या तिजोरीची गोष्ट सांगितली तेव्हा. बिचारीला मी काही सुख दिलं नाही."

बाईंनी चमकून भिंतीकडे पाहिलं. फोटोत आई हसायची, पुढचा तिरका दात दिसायचा. आता ओठ मिटलेले होते.

मी संपतच आले होते. हलक्या हातानं ठिपके दिले तर दहा ओळी कशाबशा झाल्या असत्या. नाहीतर शेवटच्या ओळीवर एक रेघ, की बस्स. बाईंनी शेवटचं पान उघडलं आणि मला त्या ओळीवर धरलं. खोटं कशाला बोलू, मलाही भारी उत्सुकता होती. दार वाजेल? की आई आधीपासूनच स्वयंपाकघरात असेल?

"अण्णा," बाईंनी विचारलं, "आई आत्ता समोर आली, तर काय म्हणाल?"

अण्णांनी कप खाली ठेवला. "माफी मागेन. म्हणेन, तुला हसवायचं राहूनच गेलं."

बाई रडल्या. त्यांना आई हवी होती हो! चाळिशी उलटली म्हणून काय आई नकोशी होते? पण येणारी आई ती मिटल्या ओठांची असती. बाईंनी पानं मागे उलटली आणि ठिपके द्यायला लागल्या. दहाव्या ओळीखालचा शेवटचा ठिपका पडला आणि माझं उरलंसुरलं शिसं भुगा होऊन सांडलं.

खुर्चीत अण्णा खुदकन हसले. "अगं, ते दवाखान्यातले डॉक्टर आत अडकले होते, ते सांगितलं का मी तुला? तुझी आई तर हसता हसता खालीच बसली!"

"सांगितलंय की, कितीदा तरी," बाई डोळे पुसत म्हणाल्या. "पण सांगा परत."

मी आता अण्णांच्या हत्यारांच्या पेटीत असते, जुन्या किल्ल्यांच्या शेजारी. तुमच्या घरी कुणी तेच तेच सांगत असेल, तर मध्येच तोडू नका बाबांनो, एवढंच माझं मागणं.

वही छापायला गेली तेव्हा छापखान्यातून फोन आला होता. "बाई, ते 'ती हसली' अकरा वेळा आलंय. दहा काढू का?"

बाईंनी एकदा फोटोकडे पाहिलं. तिरका दात दिसत होता.

"राहू द्या," त्या म्हणाल्या. "आणि शेवटची ओळही."