पंच्याहत्तर टक्के वेगाने

नानांनी घड्याळदुरुस्तीचं दुकान बंद केलं ते कोणालाही न सांगता. नेहमीपेक्षा तासभर लवकर घरी आले, डोळ्याला लावायचं भिंग आणि चिमट्यांची पेटी कपाटाच्या वरच्या फळीवर ठेवली आणि दोन्ही हात मांड्यांखाली दाबून खिडकीपाशी बसून राहिले. सून हॉस्पिटलातली एक्स-रेची ड्यूटी आटपून आली, तरी ते तसेच.

"नाना, बरं नाही वाटत का?"

"बरा आहे की. हातांना सुट्टी दिलीय जरा. चाळीस वर्षांत मागितली नव्हती बिचाऱ्यांनी."

डॉक्टरांनी कंपवात म्हणून सांगितलं. गोळ्या सुरू झाल्या. व्यायामाच्या बाईंनी बोटं हलती ठेवायला रबरी चेंडू दिला. तो नानांनी दोन दिवस दाबला आणि तिसऱ्या दिवशी उशीखाली सारला. जेवणावरचं लक्षच उडालं. घास तोंडापर्यंत नेताना सांडतो म्हणून ते सगळ्यांच्या आधी एकटेच जेवून घ्यायचे, आणि अर्धं ताट तसंच ठेवायचे. मुलगा बापासारखाच अबोल. तो रोज विचारायचा, "जेवलात?" ते म्हणायचे, "जेवलो." संपलं संभाषण.

माळा साफ करताना सुनेला पत्र्याचा एक डबा सापडला. त्यात व्हिडिओ गेमच्या तीन जुन्या कॅसेटी होत्या. तिने नवऱ्याला विचारलं, तर तो पहिल्यांदाच मोकळेपणी हसला. "आणल्या माझ्यासाठी, पण खेळायचे नाना. रविवारी दुपारी आई झोपली की दार लोटून बसायचे. मला म्हणायचे, तू अभ्यास कर, मी फक्त चालतंय का बघतो."

खेळाचं मूळ यंत्र केव्हाच भंगारात गेलं होतं. सुनेने हॉस्पिटलच्या कॉम्प्युटरवाल्याला गाठलं. त्याने कॅसेटींतले खेळ उतरवून दिले आणि त्या जुन्या यंत्राचं हुबेहूब सोंग घेणारा एम्युलेटर नावाचा प्रोग्राम घरच्या कॉम्प्युटरवर टाकून दिला. एक कंट्रोलरही दिला. पहिल्या दिवशी नानांनी मोटारशर्यत लावली. हाताचा कंप जॉयस्टिकच्या काडीत उतरला, मोटार दारू प्यायल्यासारखी झुलत गेली आणि कठड्यावर आपटली.

"हे नाही जमायचं पोरी," नाना म्हणाले.

"थांबा हो. एक्स-रे तरी सगळ्यांना एकाच मापाने काढतो का आम्ही? माणूस बघून आकडे बदलावे लागतात."

ती सेटिंगमध्ये शिरली. काडी किती सरकली म्हणजे ती सरकली असं मानायचं, याचा एक आकडा होता. तो वाढवल्यावर बारीक थरथर प्रोग्रामच्या हिशेबातच येईना. मोटार सरळ धावू लागली. पण तेच माप खाणकामगाराच्या खेळाला लावलं, तर तो गडी जागचा हलेना, आणि हलला की एकदम दोन पावलं जाऊन खड्ड्यात. म्हणून त्या खेळाचं सेटिंग वेगळं जतन केलं: चालणं काडीवरून काढून बटणांवर दिलं, उडी उजव्या तर्जनीखाली आणली, कारण तिथे नानांची पकड घट्ट होती. विटा रचायच्या खेळात बोट एकदा दाबताना दोनदा दाबलं जायचं. तिथे लागोपाठच्या दोन दाबांना एकच धरायला लावलं. नानांना चित्र फार कोरडं वाटत होतं, तर जुन्या टीव्हीसारख्या आडव्या रेघांचा पडदाही त्यावर चढवला.

हे सगळं दोघांनी मिळून केलं. नाना शेजारी बसून सांगायचे, "अजून एक घर कमी कर. हं, आता बसलं." बोलता बोलता घड्याळांच्या गोष्टी निघायच्या. एकाच कंपनीची, एकाच पेटीतून निघालेली दोन घड्याळंसुद्धा सारखी चालत नाहीत, प्रत्येकाचा स्वभाव ओळखावा लागतो, वगैरे. दुकान मिटल्यापासून ते इतकं बोलले नव्हते. ताटातलं अन्न संपू लागलं.

अडलं ते खाणकामगाराच्या तिसऱ्या पायरीवर. तिथे दोरांचा एक पूल होता. त्याच्या फळ्या एकामागून एक निखळायच्या, आणि एकशेवीस सेकंदांत पलीकडे पोचायचं. नाना पंधरा दिवस त्या पुलावरून पडत राहिले. सोळाव्या दिवशी कंट्रोलर खाली ठेवून म्हणाले, "हा पूल तरुणपणी मी डोळे मिटून ओलांडायचो. राहू दे आता." त्या दिवशी ते जेवले नाहीत.

दुसऱ्या दिवशी नाना फिरायला गेले असताना सुनेने त्या एकाच खेळाचं सेटिंग उघडलं. वेग शंभर टक्के होता. तिने पंच्याऐंशी केला. त्याने गाणं रेंगाळल्यासारखं वाजू लागलं, म्हणून आवाज बंद करून टाकला. कोणाला बोलली नाही.

नानांनी पूल ओलांडला. त्यांची हाक ऐकून नवरासुद्धा अंघोळ अर्धवट टाकून आला. "गाणं कुठे गेलं पण?" नानांनी विचारलं. "प्रत खराब निघाली, खरखर येते," सुनेने सांगितलं. नानांनी फोन करून बहिणीला बातमी दिली, व्यायामाच्या बाईंना दिली, शेजारच्या शिवणकामवाल्या ताईंनाही दिली. दोन महिन्यांनी हात पुन्हा अडू लागले, तेव्हा तिने गुपचूप वेग पंच्याहत्तर केला. नाना पुढच्या पायऱ्याही चढून गेले. रोज आरशासमोर हात धरून बघायचे आणि म्हणायचे, "कमी आहे हं, फरक आहे." ती मान डोलवायची. तिला वाटायचं, कोणाचं काय बिघडतंय?

एका दुपारी ती ड्यूटीवरून आली, तर नाना टेबलाशी बसले होते. पुढ्यात दुकानातलं स्टॉपवॉच, एक कागद आणि काचेच्या वाटीत काही बारीक वस्तू.

"या," नाना म्हणाले. "बसा."

सहा वर्षांत नानांनी तिला कधी अहो-जाहो केलं नव्हतं.

त्यांनी कागद तिच्याकडे सरकवला. वाकड्यातिकड्या आकड्यांत तीनदा एकच लिहिलं होतं: पडद्यावर एकशेवीस, हातात एकशेसाठ.

"जन्मभर लोकांची मागे पडणारी घड्याळं दुरुस्त केली मी. माझ्याच घरातलं घड्याळ तुम्ही मागे पाडलंत, आणि मला चार महिने कळलं नाही. गाणं त्यासाठीच बंद केलंत ना?"

"हो." ती उभीच राहिली. "तुम्ही जेवत नव्हता, नाना."

"मग मला विचारायचं! काडीचं केलंत, बटणांचं केलंत, तेव्हा मी शेजारी होतो. त्यात कमीपणा नव्हता. हे पाठीमागे कशाला केलंत?" त्यांचा आवाज चढला आणि मग एकदम बसला. त्यांनी वाटी पुढे केली. "मला वाटलं हात सुधारला. खरंच वाटलं गं."

वाटीत मनगटी घड्याळाचे सुटे भाग होते. शेजारच्या ताईंचं घड्याळ. त्यांचा धाकटा भाऊ गेला, त्याच्या मनगटावरचं. ते बंद पडलं होतं, आणि हात आता बरा आहे असं सांगून नानांनी ते आपण होऊन मागून आणलं होतं. केसासारखी बारीक स्प्रिंग चिमट्यात धरली, हात उसळला, ती पिरगळली. सोडवायला गेले तर तुटली. तसला भाग आता मिळत नाही. मग ते बराच वेळ विचार करत बसले, की जो हात तिथे इतका चालतो तो इथे का चालत नाही. आणि उठून त्यांनी स्टॉपवॉच काढलं.

सुनेने वाटी उचलली. "मी जाऊन सांगते त्यांना. चूक माझी आहे."

"घड्याळ मी उघडलं."

"पण माझ्यामुळे उघडलंत."

"मग दोघं जाऊ," नाना म्हणाले.

ताई मशीनवर बसल्या होत्या. नानांनी सगळं सांगितलं, फक्त खेळाचं तेवढं गाळलं. ते सुनेने सांगितलं. ताईंनी मशीन थांबवलं. वाटीतले भाग एकेक करून सुयांच्या रिकाम्या डबीत ठेवले आणि झाकण लावलं.

"बंदच होतं तसं ते," त्या म्हणाल्या. "पण अख्खं होतं."

त्यानंतर बरेच दिवस ताई जिन्यात भेटल्या तरी मान हलवून निघून जायच्या. नाना मात्र प्रत्येक वेळी थांबून हात जोडायचे.

कॉम्प्युटरवर महिनाभर कापड पडून होतं. सून कामावर एक्स-रेच्या खोलीत लोकांना "श्वास धरा, हलू नका" सांगायची आणि तिचं तिलाच कसंनुसं व्हायचं. घरात नाना तिच्याशी मोजकं बोलायचे, पण निदान "तू" वर आले होते. नवऱ्याला तिने सगळं सांगितलं होतं. तो एवढंच म्हणाला, "मीही हेच केलं असतं. म्हणून तर मला काही बोलायला तोंड नाही."

मग एका सकाळी नानांनीच कापड काढलं. "पोरी, इकडे ये. तो वेगाचा आकडा कुठे असतो, दाखव."

तिने दाखवला. नानांनी भिंग मागवलं, सेटिंगची एकेक ओळ वाचली, ही काय करते, ती काय करते, सगळं विचारून घेतलं. मग वेग शंभर केला, गाणं सुरू केलं आणि खेळायला बसले. सहा वेळा पुलावरून पडले. सून मागे उभी होती. पुढे होऊन काही करावं असं तिला फार वाटलं, पण तिने हात पदरात गुंडाळून ठेवले.

सातव्या वेळी पडल्यावर नानांनी कंट्रोलर मांडीवर ठेवला.

"ऐंशी कर."

"नक्की?"

"मी सांगतोय ना. ऐंशी. गाणं रेंगाळलं तर रेंगाळू दे, बंद करायचं नाही."

तिने ऐंशी केलं. गाणं जड पावलांनी चालू लागलं. नाना त्यातही दोनदा पडले, तिसऱ्यांदा पार झाले. या वेळी त्यांनी कोणाला हाक मारली नाही.

त्या आठवड्यात व्यायामाच्या बाई आल्या आणि खेळ कसा चाललाय म्हणून विचारलं. "ऐंशीवर खेळतो," नाना म्हणाले. "शंभरावर आता जमत नाही. तुमच्या वहीत तसं लिहा."

बाईंनी सुनेकडे पाहिलं. सुनेने मान डोलवली, आणि नानांच्या थरथरत्या हातातला चहाचा कप दोन्ही हातांनी धरून ती त्यांच्याजवळ बसली. नानांनी तो धरू दिला.