दोन सुटलेल्या गाठी

या, जरा जवळ सरकून बसा. आज टाळ नाही, मृदंग नाही. एका दोऱ्याची गोष्ट सांगायची आहे, आणि ती दुरून ऐकू येणारी नाही.

नाडाछडीचं रीळ कोरं होतं, लाल-पिवळं, अजून कशाच्याच गळ्यात न पडलेलं... रुखमाबाईच्या अंगठ्याखाली ते गरगर फिरत होतं. गांधीबागेतल्या आनंदरावांच्या कापड दुकानात खंडेनवमीची मांडामांड चाललेली: कात्र्या, लोखंडी गज, शिलाईयंत्र, आणि भिंतीवर आग विझवायचा नवा लाल सिलेंडर. वीस वर्षं इथली झाडलोट तिची, आणि पूजाही तिचीच.

सिलेंडर कसा चालवायचा ते दाखवायला मेघा नावाची मुलगी आली होती.

"आधी ही पिन ओढायची. मग नळी आगीच्या बुडाकडे, अन् मूठ दाबायची. एवढंच. मावशी, पाहून राहिल्या ना?"

"एवढंच," आनंदराव हसले. "पण मागच्या साली आग लागली तवा आमच्या चौकीदाराले, चंपतरावाले, तेवढंही नाही जमलं. सिलेंडर हातात, अन् पिन जागच्या जागी! घाबरला म्हातारा."

"चौकशीच्या कागदावरही तसंच लिहिलं आहे," मेघा म्हणाली.

घाबरला!

रुखमाबाईची कानशिलं तापली. सहा गिऱ्हाईक बायकांना धुरातून खाली पोचवून जो पुन्हा जिना चढला आणि जिवंत खाली आलाच नाही, तो घाबरला, आणि ज्यांनी त्या जिन्यावर साड्यांचे गठ्ठे रचले, मागच्या दाराला 'चोऱ्या होतात' म्हणून कुलूप घातलं, ते आज धुतलेल्या सदऱ्यात पूजेला उभे! कागद लिहिणाऱ्यानं चंपतरावांचे हात पाहिले होते का कधी? सक्करदऱ्याच्या देवळात कीर्तन रंगलं की दोन दोन तास झांज वाजवणारे हात, बुवांनी अभंगाचं चरण उचललं की आपोआप वर जाणारे... ते हात एका पिनेला हरतील? जिजाबाई, त्यांची बायको, तेव्हापासून कीर्तनाला यायची थांबली – का येईल? बायाच म्हणतात, नवरा भित्रा निघाला. जळो तो कागद, जळो ते कुलूप, आणि हा हसणारा मालक –

पण...

पण रीळ हातात होतं. आणि मागच्या खंडेनवमीलाही ते याच हातात होतं.

तेव्हाच्या सिलेंडरला सात वेढे. मुठीवरून, पिनेच्या कडीतून, पुन्हा मुठीवरून. तीन गाठी, घट्ट, देवाच्या नावानं. दुसऱ्या दिवशी चंपतराव म्हणाले होते, "रुखमाबाई, हा दोरा पिनीतून गेला वं. सोडून टाकू काय?" आणि ती, केरसुणी न थांबवता, "देवाचा दोरा हाय गा तो. आपोआप गळू द्याचा. तोडाचा नसते." तेही हसले होते. "झांजेची दोरी बदलतो तवा तो देव नाही रागावत, हा बरा रागावते!" पण हात लावला नाही. तिचा शब्द मानला.

आगीनंतर फरशी धुताना सिलेंडर तिलाच सापडला. दोरा काजळीनं काळा झालेला, आणि तीन गाठींतल्या दोन सुटलेल्या. तोडलेल्या नाहीत, दातांनी कुरतडलेल्या नाहीत – सोडवलेल्या. डोळ्यांपुढं काही दिसत नसताना, नखांनी, एकेक. तोडायचा नसतो म्हणून. मी म्हटलं म्हणून...

तो दोरा तिनं अलगद काढून बटव्यात टाकला. तो अजून तिथंच होता, कमरेला. म्हणून कागदाला फक्त न निघालेली पिन दिसली, आणि भित्रा म्हातारा.

"बांधा ना रुखमाबाई," आनंदराव म्हणाले, "आरती खोळंबली."

आणि बोटं – मेली ती बोटं! – आपणहून पुढं झाली, मुठीवरून एक वेढा पडलासुद्धा, दोऱ्याचं टोक पिनेच्या कडीकडे वळलं... तिथं ती थांबली.

"काहून थांबल्या?"

"चंपतराव घाबरले नव्हते."

आवाज इतका मोठा निघाला की मेघानं हातातली नळी खाली ठेवली.

"मंग काय झालं होतं?" आनंदराव अजून हसतच होते.

रुखमाबाईनं वेढा उलगडला. वर्षभर तिनं संतापाचे धोंडे फेकले होते, जिन्यावर, कुलपावर, कागदावर. ते सगळे तिथं लागूच होते, एकही परत घ्यायचा नव्हता. पण एक धोंडा तिनं मुठीत झाकून ठेवला होता, आणि तो कुणाचा ते आता कळत होतं. हात बटव्याकडे गेला. आत तिसरी गाठ नखाला लागली – तशीच, घट्ट.

देवा, तू कधी म्हणाला होतास तोडू नको म्हणून?

तर मायबापहो, उद्या तुम्हीही कशाला तरी दोरा बांधाल. बांधा, भक्तीनं बांधा. पण गाठ मारण्याआधी चंपतरावांना आठवा. धुरात उभं राहून ते दुसऱ्याच्या श्रद्धेची गाठ सोडवत होते, आणि दोन सुटल्या होत्या.